रानातला कॅमेरा आणि बदलापूरची लोकल

कल्याण सोडलं की मध्य रेल्वेला दोन फाटे फुटतात. एक कसाऱ्याला जातो, दुसरा कर्जतला. कर्जतच्या फाट्यावर विठ्ठलवाडी, उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर अशी स्टेशनं ओळीने येतात. सहल काढायची म्हटली की आपल्याला माथेरान आठवतं, महाबळेश्वर आठवतं. या तीन गावांचं नाव कुणी घेत नाही. उल्हासनगर म्हणजे बाजार, अंबरनाथ म्हणजे कारखाने, बदलापूर म्हणजे परवडणारे फ्लॅट, असं आपलं ठरून गेलेलं! आज मात्र मी तुम्हांला याच तीन गावांतून फिरवून आणणार आहे, आणि त्याचं निमित्त तुमच्या घरातलंच आहे.

अलीकडे बारावीच्या मुलामुलींना पुढे काय करणार म्हणून विचारलं, तर डॉक्टर-इंजिनियरच्या जोडीला एक नवंच उत्तर कानावर येतं. “मला जंगलात जाऊन प्राण्यांच्या फिल्म्स काढायच्या आहेत.” ऐकणाऱ्या आईच्या पोटात गोळा येतो. हा अभ्यास म्हणायचा की छंद? यात पोट भरतं का? आणि मुलगी असेल तर, रात्री-अपरात्री रानात कुणाच्या भरवशावर पाठवायची?

मैत्रिणींनो, टीव्हीसमोर बसून या प्रश्नांची उत्तरं मिळत नाहीत. पडद्यावर वाघ दोन मिनिटांत शिकार करून मोकळा होतो. त्या दोन मिनिटांमागचं काम कसं असतं, ते समजून घ्यायला ताडोबा किंवा काझीरंगाच गाठायला हवं असं नाही. एखाद्या रविवारी मुलांना घेऊन कर्जत लोकलमध्ये बसा.

उल्हासनगर : रानाआधी बाजार

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात इथे लष्कराची छावणी होती. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांना त्या बराकींमध्ये जागा मिळाली, आणि १९४९ साली या वस्तीचं उल्हासनगर असं नामकरण झालं. अजूनही पत्ते सांगताना लोक ‘कॅम्प’ आणि त्याचा नंबर सांगतात. हातात काही नसताना या माणसांनी कापडाचा, फर्निचरचा, जीन्सचा केवढा व्यापार उभा केला! कमी पैशांत काम भागवायचं कसं, हे या गावाकडून शिकावं. आणि रानात कॅमेरा घेऊन जाणाऱ्याला पहिल्यांदा हीच विद्या लागते.

कारण हे काम खर्चिक आहे. लांबचं टिपणारी एक चांगली लेन्स काही लाखांच्या घरात जाते. नवखा माणूस ती विकत घेत नाही, लागेल तेव्हा भाड्याने आणतो. बाकीचं सामान मात्र बाजारातूनच जमवता येतं. पक्ष्याला दिसू नये म्हणून ज्याच्या आड बसायचं, ते लपण शिवायला खाकी किंवा गर्द हिरवं जाड सुती कापड पुरतं. कॅमेऱ्याचा हात हलू नये म्हणून खाली ठेवायची उशी जुन्या पँटच्या पायात तांदूळ किंवा राजमा भरूनही होते. हौशी लोक हीच वापरतात, आणि मुरलेलेही.

उल्हासनगरमध्ये आणखी एक गोष्ट मुलांना मुद्दाम दाखवा, ती म्हणजे वालधुनी नदी. ती अंबरनाथकडून येते, उल्हासनगरमधून वाहत कल्याणकडे जाते आणि उल्हास नदीच्या खाडीला मिळते. नदी म्हणायला जीभ अडखळते इतकं काळं तिचं पाणी. कारखान्यांची रसायनं आणि गावांचं सांडपाणी पोटात घेऊन ती वाहते आहे. “इथे काय बघायचं?” असं मुलं म्हणतील. त्यांना सांगा, निसर्गाची फिल्म म्हणजे फक्त वाघ-सिंह नव्हे.

याचं एक उदाहरण आपल्या शेजारचंच आहे. पनवेलची ऐश्वर्या श्रीधर ही तरुणी. उरणजवळच्या पाणजे इथल्या पाणथळ जागेवर परदेशी पक्षी उतरतात, आणि ती जागा भराव घालून बुजवली जात होती. विशीत असतानाच तिने ‘पाणजे : द लास्ट वेटलँड’ हा माहितीपट केला. घरापासून तासाभराच्या अंतरावरची जागा, पण तिचं म्हणणं सरकारदरबारी पोचलं. पुढे तिने ताडोबातल्या ‘माया’ या नावाजलेल्या वाघिणीवरही फिल्म केली. दूरचा वाघ तिला मिळाला तो असा, जवळची पाणथळ आधी पाहिल्यावर.

अंबरनाथ : वीस पायऱ्या खाली

अंबरनाथला उतरलात की शिवमंदिर चुकवू नका. शके ९८२ म्हणजे इ.स. १०६० चा शिलालेख या मंदिरात आहे. शिलाहार राजांच्या काळचं हे काम, भूमिज शैलीतलं. वालधुनी याच मंदिराला लागून वाहते. बाहेरच्या भिंतींवर मूर्तींची इतकी दाटी आहे की नजर कुठे ठरवावी कळत नाही. गाभारा मात्र सभामंडपापेक्षा खाली आहे. वीसेक पायऱ्या उतरून जावं लागतं. बाहेरच्या उन्हातून आत गेलात की पहिल्यांदा काहीच दिसत नाही. घाई न करता उभ्या राहा. हळूहळू पिंडी दिसू लागते, मग भिंती, मग वरून येणारा उजेड.

कॅमेऱ्याचं अर्धं शिक्षण याच गोष्टीत आहे. उजेड कुठून येतो आणि किती वेळ टिकतो, हे आधी पाहायचं. बाहेरच्या त्याच मूर्ती सकाळी आठला एक दिसतात, दुपारी बाराला सपाट होतात आणि उतरत्या उन्हात पुन्हा जिवंत होतात. रानातले फिल्मवालेही म्हणूनच पहाटे आणि संध्याकाळी काम करतात. प्राण्यांची फिरण्याची वेळही तीच असते. म्हणजे घरातून निघायचं पहाटे तीन-चारला, बरं का! डबा कोण करून देतं, ते तुम्हीच ओळखा.

डब्यावरून एका बाईंची आठवण काढायलाच हवी, सरस्वतीबाई फाळके. दादासाहेब फाळके १९१२ साली विलायतेहून कॅमेरा घेऊन आले, तेव्हा त्यांच्या चित्रपटावर पैसे लावायला कुणी तयार होईना. मग त्यांनी घरातच कुंडीत वाटाणा पेरला. अंकुर फुटून वेल वर चढेपर्यंत थोडीथोडी चित्रं घेत राहिले, आणि पडद्यावर तो वेल बघता बघता वाढताना दाखवला. पाहणारे चकित झाले आणि भांडवल उभं राहिलं. पुढचा ‘राजा हरिश्चंद्र’ सगळ्यांना माहीत आहे. तो १९१३ साली आला. पण आपल्याकडचा निसर्गावरचा पहिला सिनेमा म्हणायचा, तर तो हा वाटाण्याचा वेल! आणि या सगळ्यात सरस्वतीबाई कुठे होत्या? दागिने त्यांचे गहाण पडले होते. फिल्मच्या पट्टीला कडेची भोकं पाडणं त्या शिकल्या, फिल्म धुवायला शिकल्या, आणि काम करणाऱ्या सगळ्या माणसांचा स्वयंपाकही त्यांनीच रांधला. घरातल्या एकाने असलं वेड घेतलं की घर कसं त्यात ओढलं जातं, याचं हे शंभर वर्षांपूर्वीचं उदाहरण. आजही फार काही बदललेलं नाही.

देवळातून परतताना भाजी-बाजारात एक फेरी मारा. पावसाळ्याच्या तोंडावर इथे ठाकूर आणि कातकरी बायका रानभाज्या घेऊन बसतात. आधी शेवळं, मग टाकळा, फोडशी, भारंगी, कुर्डू, करटुली. आपण भाव करतो, शेवळांबरोबर काकड टाकायला विसरू नका म्हणून त्या बजावतात, आपण पिशवी भरून घरी येतो. पण रानात काम करणाऱ्या कॅमेरामनला विचाराल, तर त्याची पहिली गुरू हीच मावशी. कोणत्या ओढ्याला पाणी टिकतं, कोणत्या झाडावर कधी फळ धरतं, रानडुक्कर कुठे उकरतं, हे तिला पायाखालच्या वाटेसारखं ठाऊक असतं. म्हणून भाव करताना दोन प्रश्न जास्तीचे विचारा आणि मुलांना ऐकू द्या.

बदलापूर : सुगरणीची अठरा दिवसांची फिल्म

मुंबईपासून बदलापूर साधारण ६८ किलोमीटर. उल्हास नदी इथे गावाला वळसा घालून जाते. एरवी शांत असते, पण २७ जुलै २०१९ ला तिच्याच पुरात बदलापूर आणि वांगणीच्या मधे महालक्ष्मी एक्स्प्रेस अडकली होती आणि हजारांवर प्रवाशांना बोटींतून काढावं लागलं होतं. एका बाजूला चंदेरीचा सुळका, माथेरानची रांग. दुसऱ्या बाजूला बारवीचं रान. उन्हाळ्याच्या अखेरीला इथली जांभळं टोपल्या भरभरून बाजारात येतात.

बारवी धरण एमआयडीसीचं. उल्हासनगरच्या, आणि आसपासच्या कितीतरी गावांच्या नळाला याच धरणाचं पाणी येतं. त्याची उंची वाढवली तेव्हा काही पाडे आणि गावं पाण्याखाली गेली, हेही नळ सोडताना आठवावं. धरणाभोवती साग, ऐन, पळस, कुसुम यांचं रान आहे. भेकर आहे, रानडुक्कर आहे, वानरं आहेत, बिबट्याही आहे. आकाशात सर्पगरुड ओरडत घिरट्या घालतो. पावसाची चाहूल लागली की नवरंग येतो, रंग नऊ आणि आवाज दोन सुरांची शीळ.

पण मुलांना दाखवायचा पक्षी मी दुसराच निवडेन. पावसाळ्यात बदलापूरच्या आसपासच्या भातशेतांकडे जा. विहिरीवर वाकलेली बाभूळ किंवा शिंदीचं झाड शोधा. त्यावर सुगरणीची घरटी लोंबताना दिसतील. नाव सुगरण, पण घरटं विणतो नर, हे तुम्हांला ठाऊक आहे का? भाताच्या पातीच्या बारीक चिरफळ्या चोचीने काढून आणतो आणि गाठी मारत मारत विणतो. घरटं अर्धं झालं, टोपीसारखा आकार आला, की पंख फडफडवून माद्यांना बोलावतो. मादी येते, आत शिरते, ओढून-ताणून पाहते. पसंत पडलं तरच राहते. मग तो पुढची नळी विणून घर पुरं करतो. नापसंत पडलं, तर बिचाऱ्याची मेहनत फुकट! सगळं मिळून अठरा दिवसांच्या आसपासचं काम.

आता गंमत पाहा. ही गोष्ट फिल्ममध्ये दाखवायची तर दोन मिनिटं पुरतील. पण ती दोन मिनिटं मिळवायला अठरा दिवस, रोज, त्याच झाडासमोर जाऊन बसावं लागतं. पहिली गाठ मारतानाचा क्षण चुकला, तर पुढच्या घरट्यापर्यंत थांबा. मादी आत शिरली आणि नेमका पाऊस आला, तर उद्या. पूर्वी १६ मिलिमीटरची फिल्म होती. शंभर फुटांचं रीळ पावणेतीन मिनिटांत संपायचं आणि काय उमटलं ते धुऊन आल्याशिवाय कळायचं नाही. आता कार्डावर तासन्‌तास मावतं, लगेच पाहता येतं. बसणं मात्र तेवढंच राहिलं.

सुगरणीच्या संसाराचं हे गुपित जगाला सांगितलं ते डॉ. सलीम अली यांनी, तेही आपल्याच कोकणात, अलिबागजवळच्या किहीमला. साल १९३०. नोकरी गेलेली, हाती काम नाही. किहीमच्या घराजवळच सुगरणींची वसाहत होती. ते तासन्‌तास ती पाहत बसले आणि नोंदी करत राहिले. त्या अभ्यासाने त्यांचं नाव झालं. त्या दिवसांत त्यांच्या पाठीशी उभ्या होत्या त्यांच्या पत्नी तेहमिना. बेकार नवरा दिवसभर पक्षी बघत बसला आहे, हे कुठल्या बायकोला सोसेल? त्यांनी ते सोसलं एवढंच नाही, तर त्या कामाची किंमत ओळखली.

मग पोटापाण्याचं काय?

आता आईच्या काळजीच्या प्रश्नाकडे येऊ. या कामाला महिन्याचा ठरलेला पगार क्वचितच असतो. बहुतेक जण दिवसाच्या किंवा कामाच्या हिशोबाने पैसे घेतात. मधल्या महिन्यांत लग्नाची, कारखान्यांची शूटिंग्ज करून घर चालवणारे पुष्कळ आहेत. पहिली काही वर्षं घरच्यांचा आधार लागतोच, हे आधीच धरून चालावं.

शिकायचं कुठे? कॅमेऱ्याचं रीतसर शिक्षण पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये मिळतं. हरिद्वारचे नरेश बेदी तिथेच शिकले. गंगेतल्या घडियालांवरच्या त्यांच्या फिल्मला १९८४ साली ब्रिस्टलचं वाइल्डस्क्रीन पांडा पारितोषिक मिळालं. या क्षेत्रातलं ऑस्करच म्हणतात त्याला. २०१५ साली त्यांना पद्मश्री मिळाली. पण सगळे काही फिल्मच्या शाळेतूनच येत नाहीत. चेन्नईचे शेखर दत्तात्री शाळकरी वयात तिथल्या सर्पोद्यानात जाऊ लागले, सापांपासून सुरुवात केली आणि कॅमेऱ्याकडे वळले. ‘सायलेंट व्हॅली’वरच्या त्यांच्या फिल्मला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. प्राणी-पक्षी, कीटक यांची ओळख करून घ्यायची असेल तर मुंबईची बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी आहेच. १८८३ सालची ही संस्था नोकरी-कॉलेज सांभाळून करता येतील असे अभ्यासक्रम चालवते. माझं मत विचाराल, तर कॅमेऱ्याच्या आधी हा अभ्यास करू द्या. पक्षी आता काय करणार हे ज्याला आधी कळतं, त्याचाच कॅमेरा वेळेवर सुरू होतो.

आणि या कामाने होतं काय, असं कुणी विचारलं तर व्हेल शार्कची गोष्ट सांगा. गुजरातच्या किनाऱ्यावर या महाकाय माशाची बेसुमार शिकार होत होती. माइक पांडे यांनी त्यावर ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ ही फिल्म २००० साली केली. दुसऱ्याच वर्षी, २००१ मध्ये, वाघाला जे संरक्षण कायद्याने आहे ते या माशाला मिळालं. पुढे मोरारीबापूंनी कोळी बांधवांना सांगितलं की ही तर माहेरपणाला आलेली लेक, हिला मारायचं कसं? तेव्हापासून जाळ्यात सापडलेला मासा स्वतःचं जाळं कापून सोडून देणारे कोळी तिथे आहेत. कायदा आधी झाला हे खरं, पण मन वळलं ते ‘लेक’ म्हटल्यावर.

मुलींचं म्हणाल, तर २०२३ साली ‘द एलिफंट व्हिस्परर्स’ला ऑस्कर मिळालं, ती फिल्म कार्तिकी गोन्साल्विस या तरुणीने केलेली. मुदुमलाईच्या हत्तीछावणीतले बोम्मन आणि बेल्ली हे जोडपं आणि त्यांनी पोटच्या पोरासारखा वाढवलेला पोरका हत्ती, एवढीच कथा. चाळीसेक मिनिटांच्या फिल्मला पाच वर्षं लागली. आणि पनवेलच्या ऐश्वर्याने भंडारदऱ्याच्या बाजूला काजव्यांनी लखलखलेल्या झाडाचं छायाचित्र टिपलं, त्याला २०२० साली लंडनच्या ‘वाइल्डलाइफ फोटोग्राफर ऑफ द इयर’ स्पर्धेत गौरवाचं स्थान मिळालं. काजवे टिपायचे म्हणजे मिट्ट काळोखात थांबायचं. या मुली एकट्या नसतात, हेही सांगते. बरोबर वाटाड्या असतो, वनखात्याची माणसं असतात, घरी ठावठिकाणा दिलेला असतो. काळजी घेऊन केलं तर हे काम बेदरकारपणाचं नाही.

जाताना एवढं लक्षात ठेवा

बारवीला स्टेशनवरून रिक्षा किंवा बस मिळते. हिवाळ्यात सकाळी लवकर जा, दुपारपर्यंत परता. पावसाळ्यात धरण, कोंडेश्वर आणि धबधब्यांपाशी दर वर्षी बुडून माणसं जातात, म्हणून प्रशासन बंदी घालतं. ती पाळा. बारवी अभयारण्य नसलं तरी रान वनखात्याचं आहे. आत शिरण्याआधी चौकशी करा. अभयारण्यात फिल्म काढायची तर १९७२च्या वन्यजीव कायद्याप्रमाणे मुख्य वन्यजीव रक्षकांची लेखी परवानगी लागते.

कपडे मातकट किंवा हिरवे, अत्तर नको, गजरा नको. डब्यात वास दरवळणारं काही नको. दशमी, चटणी, केळी पुरे. घरट्याच्या जवळ जायचं नाही, फांदी वाकवायची नाही, फ्लॅश उडवायचा नाही. पक्षी ओरडू लागला की समजावं, आपण फार जवळ आलो.

कॅमेरा घरी असेल तर आपल्या दमट हवेत लेन्सवर बुरशी धरते. घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्या टाकून त्यात कॅमेरा ठेवा. ओल शोषून दाण्यांचा रंग बदलला की पुड्या बदला. त्या मुलांच्या हाती लागू देऊ नका, आणि तो डबा पुन्हा स्वयंपाकघरात आणू नका.

राहिला मूळ प्रश्न, हो म्हणायचं की नाही? माझं सांगणं एवढंच की लगेच दोन्ही म्हणू नका, आणि महागडा कॅमेराही घेऊन देऊ नका. येत्या पावसाळ्यात मुलीला किंवा मुलाला सांगा, गावाबाहेरच्या शेतावर सुगरणीचं एक घरटं शोध. लांब बस, रोज एक तास, अठरा दिवस. हातात वही असू दे, फार तर आपला मोबाइल. पहिले तीन दिवस सगळेच जातील. पाचव्या दिवशी पाऊस लागेल, सातव्या दिवशी कंटाळा येईल, दहाव्या दिवशी मैत्रिणीचा वाढदिवस असेल. अठराव्या दिवशी सकाळी तुमच्या आधी उठून, छत्री घेऊन, डबा मागायला जी तुमच्यापुढे उभी राहील, तिच्याशी पुढचं बोलायला बसा.